मॉरिशसच्या रानातला चष्मेवाला

(अंबड, नाशिक येथील स्मृती व्याख्यानमालेत दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



अंबडमध्ये शेवगा फुलला की त्याच्या फुलांवर चिमणीहूनही लहान, हिरवट-पिवळ्या पाखरांचा थवा उतरतो. क्षणभर या फांदीवर, लगेच त्या फांदीवर; कधी उलटं लटकून फुलात चोच घालायची, कधी पानामागची कीड टिपायची. डोळ्याभोवती पांढरंशुभ्र कडं असलेला हा चष्मेवाला. साळुंक्या आणि बुलबुल यांच्या कलकलाटात त्याचा नाजूक आवाज हरवून जातो, आणि डोक्यावरच्या फांदीत रोज असूनही पुष्कळांनी तो नीट पाहिलेला नसतो. भारतभर त्याची संख्या भरपूर आहे. त्याच्यासाठी कुणी काळजी करावी अशी वेळ आलेली नाही.

ती वेळ त्याच्या एका भाऊबंदावर आली आहे. हा भाऊबंद हिंदी महासागरातल्या मॉरिशस बेटावर राहतो, जगात दुसरीकडे कुठेच राहत नाही, आणि बेटावरही त्याच्या वाट्याला उरलेलं रान पंचवीस चौरस किलोमीटरहून कमी आहे. २००१ च्या सुमारास त्याच्या जोड्या मोजल्या गेल्या, तेव्हा अंदाज निघाला ९३ ते १४८ जोड्यांचा. त्याआधी पाव शतक, १९७५ मध्ये, त्या साडेतीनशेच्या आसपास होत्या. शास्त्रज्ञ त्याला ‘झोस्टेरॉप्स क्लोरोनोथॉस’ म्हणतात. मराठीत त्याला ऑलिव्ह चष्मेवाला म्हणता येईल.

नाशिकच्या व्यासपीठावरून एवढ्या दूरच्या पाखरावर तासभर का बोलायचं, असा प्रश्न रास्त आहे. त्याचं उत्तर पायाखालच्या दगडापासून सुरू होतं. अंबडजवळची पांडवलेणी ज्या काळ्या पाषाणात कोरली आहेत, तो दख्खनचा बेसॉल्ट सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्हा होऊन वाहिला. पृथ्वीच्या पोटातल्या ज्या तप्तस्थानातून तो वर आला असं भूशास्त्रज्ञ मानतात, ते स्थान आता हिंदी महासागरात रियुनियन बेटाखाली आहे. भारताचा भूखंड उत्तरेकडे सरकत गेला आणि त्याच्यामागे त्या तप्तस्थानातून समुद्रात बेटांची रांग उभी राहिली. मॉरिशस त्या रांगेतलं, वयानं ऐंशी लाख वर्षांच्या आसपासचं. सह्याद्रीची आणि त्या बेटाची कूस एक. नाशिक विषुववृत्तापासून वीस अंश उत्तरेला आहे आणि मॉरिशस जवळपास तितकंच दक्षिणेला.

बेट आकारानं लहान. नाशिक जिल्ह्यात अशी आठ बेटं मावतील. समुद्रातून वर आलं तेव्हा ते उघडं, तापलेलं खडकाळ बेट होतं आणि कोणत्याही खंडाला ते कधीच जोडलेलं नव्हतं. त्यामुळे जे जे तिथे पोहोचलं ते उडत आलं, वाऱ्यानं आलं किंवा लाटांवर तरंगत आलं. जमिनीवर चालणारा एकही सस्तन प्राणी पोहोचला नाही. वटवाघळं तेवढी आली. उंदीर नाही, मांजर नाही, माकड नाही, मुंगूस नाही. लाखो वर्षं तिथल्या पाखरांनी घरटी बांधली ती अशा रानात, जिथे रात्री खोडावरून चढून येणारं कुणी नव्हतं. डोडो उडणं विसरला तो याच निवांतपणात. इतर पाखरं उडत राहिली, पण रात्री खोडावरून चढून येणाऱ्याचं भय त्यांच्या रक्तात कधी उतरलंच नाही.

चष्मेवाल्यांचं कूळ बेटं गाठण्यात फार तरबेज आहे. आफ्रिकेपासून पॅसिफिकपर्यंत या कुळाच्या शंभरावर जाती आहेत आणि त्यांतल्या कितीतरी एकेका बेटापुरत्या आहेत. एवढंसं पाखरू, पण थव्यानं फिरणारं. वादळात वाट चुकलेला एखादा थवा बेटाला लागला की तिथेच वसायचा आणि काही लाख वर्षांत त्याची वेगळी जात व्हायची. मॉरिशसवर अशा दोन जाती झाल्या. एक करडा चष्मेवाला: पाठ राखाडी, शेपटीच्या मुळाशी पांढरा डाग, स्वभावानं आपल्या चष्मेवाल्यासारखाच घोळक्यात राहणारा आणि मिळेल ते खाणारा. रान तुटलं तेव्हा तो बागांत आला, आणि आज शहरातल्या कुंपणांवरही दिसतो. दुसरा ऑलिव्ह चष्मेवाला. हा जोडीनं राहतो, आपल्या रानाचा तुकडा राखतो आणि त्यात दुसऱ्या जोडीला येऊ देत नाही. त्याची चोच लांब, टोकदार आणि किंचित वाकलेली. मुख्य ओढ फुलांतल्या मधाकडे. पाठ मळकट हिरवी, पोट फिकं, डोळ्याभोवती तेच पांढरं कडं. लांबी जेमतेम बोटभर. सगळ्या ऋतूंत कुठे ना कुठे मूळची झाडं फुललेली असतील, तरच याचा संसार चालतो. एकाच बेटावरच्या या दोन जातींतली एक बागेत सुखानं नांदते आणि दुसरी नामशेष होण्याच्या काठावर आहे, याचं बरंचसं कारण या खाण्याराहण्याच्या फरकात आहे.

मॉरिशसच्या रानात आणखी एक गाणारा पक्षी आहे, त्याचं नातं तर थेट सह्याद्रीशी लागतं. तो तिथला काळपट-राखाडी बुलबुल, नारिंगी चोचीचा, ‘हिप्सिपेटीस ऑलिव्हेशियस’. हिप्सिपेटीस या बुलबुलांचं मूळ आशियात. त्यांचा एक वंशज महाबळेश्वरच्या आणि दक्षिणेकडच्या दाट रानांत राहतो. तोही काळा, लाल-नारिंगी चोचीचा. कर्नल साइक्स हा कंपनी सरकारचा अधिकारी दख्खनची पाहणी करत फिरत होता. १८३२ मध्ये त्यानं या बुलबुलाची शास्त्रीय नोंद केली आणि त्याला नाव दिलं ‘गनीसा’, म्हणजे आपला गणेश. त्या गणेशाच्या नावाच्या बुलबुलाचे दूरचे आप्त माणसाच्या कितीतरी आधी समुद्र ओलांडून मॉरिशसला पोहोचले होते. पुढे तिथल्या माणसांनी या बुलबुलाची खाण्यासाठी भरपूर शिकार केली. आज तो थोड्या संख्येनं, पण टिकून आहे.

माणूस या बेटावर उशिरा वसला. अरब आणि पोर्तुगीज खलाशांना ते ठाऊक होतं, पण १५९८ मध्ये डच उतरले आणि त्यांनी त्याला आपल्या राजपुत्राचं, मॉरिसचं नाव दिलं. आबनुसाचं काळंभोर लाकूड जहाजांत भरून युरोपला जाऊ लागलं. डोडोची गोष्ट सगळ्यांना माहीत आहे. जिवंत डोडो पाहिल्याची शेवटची भरवशाची नोंद १६६२ ची मानतात. नाशिककरांना बहुधा ठाऊक नसलेली गोष्ट अशी की त्याआधी डोडो इथून फार लांब नसलेल्या सुरतेच्या बंदरात आलेला होता. पीटर मंडी या इंग्रज प्रवाशानं तिथे दोन डोडो पाहिल्याचं लिहून ठेवलं आहे. आणि जहांगिराच्या दरबारातला चित्रकार उस्ताद मन्सूर याच्या नावावर असलेल्या एका चित्रात इतर पाखरांच्या मधोमध डोडो उभा आहे. जिवंत पक्ष्यावरून काढलेल्या डोडोच्या चित्रांत ते फार मोलाचं गणलं जातं. पाखरं पिंजऱ्यात घालून समुद्रापार न्यायची आणि आणायची, ही रीत तेव्हापासून दोन्ही दिशांना चालू होती.

डच गेले, फ्रेंच आले. १८१० मध्ये इंग्रजांनी बेट जिंकलं. गुलामगिरी रद्द झाल्यावर उसाच्या मळ्यांना मजूर हवे होते. १८३४ पासून पुढची सत्तर-ऐंशी वर्षं हिंदुस्थानातून करारावर माणसं नेली गेली. पोर्ट लुईच्या धक्क्यावर, आज ज्याला आप्रवासी घाट म्हणतात आणि जो २००६ पासून जागतिक वारसास्थळ आहे, तिथे उतरलेल्यांची संख्या पाच लाखांच्या जवळ जाते. बहुतेक बिहार आणि मद्रासकडचे. पण मुंबई बंदरातून गेलेली मराठी माणसंही त्यांत होती, मुख्यतः कोकणातली, रत्नागिरी-सावंतवाडीकडची. त्यांनी गणपती नेला, विठ्ठल नेला, आणि जाखडीचं गाणं-नाच नेला. तिकडे तो आजही ‘झाकरी’ नावानं गणेशोत्सवात रात्ररात्र चालतो. गणेश चतुर्थीला मॉरिशसमध्ये राष्ट्रीय सुट्टी असते. तिथल्या सार्वजनिक गणेशोत्सवाची सुरुवात १८९६ ची सांगतात, व्हाकोआजवळच्या हेन्रिएटा गावातली. त्या गावापासून पुढे डोंगराळ रान सुरू होतं आणि ते पसरत जातं ब्लॅक रिव्हर गॉर्जेस राष्ट्रीय उद्यानाकडे. ऑलिव्ह चष्मेवाल्याच्या उरल्यासुरल्या जोड्या बेटाच्या याच नैर्ऋत्य भागात आहेत. मराठी वस्ती आणि हे पाखरू असे शेजारी आहेत.

इथे एक अवघड गोष्ट स्पष्ट बोलायला हवी. मॉरिशसचं मूळचं रान तुटलं ते मुख्यतः उसासाठी, आणि तो ऊस वाढवायला आपलीच माणसं नेली होती. मळ्याचा मालक दुसरा, नफा दुसऱ्याचा, पोटासाठी सह्या-अंगठे करून गेलेल्या मजुरावर रानाचा दोष टाकणं अन्यायाचं होईल. पण त्यांच्या घामानं उभ्या राहिलेल्या उसाखाली ते रान गेलं, हे खरं. आज चांगल्या स्थितीतलं मूळचं रान बेटाच्या दोन टक्क्यांहूनही कमी उरलं आहे. आणि ही तोड केवळ जुन्या काळची नाही. १९७० च्या दशकात डोंगरमाथ्यावरचं ठेंगणं, झुडपी रान ‘निरुपयोगी’ ठरवून सपाट करण्यात आलं आणि तिथे पाइन लावला गेला. चष्मेवाल्यासाठी ते रान म्हणजे वर्षातल्या मोठ्या काळाचं कोठार होतं. नकाशावर झुडपं म्हणून लिहिलेली जमीन मोकळी समजायची, ही चूक आपल्याकडेही गवताळ माळांच्या बाबतीत रोज होते.

रान तुटल्याचं नुकसान डोळ्यांना दिसतं. त्याहून मोठा घात मात्र बाहेरून आणलेल्या जिवांनी केला, आणि त्यांतले काही इथूनच गेले.

साळुंकी घ्या. मॉरिशसच्या शेतांवर तांबड्या टोळांच्या धाडी पडत. टोळ खाणारा पक्षी म्हणून १७६२ मध्ये फ्रेंचांनी हिंदुस्थानातून साळुंकी नेली. कीड आवरायला एका देशातला जीव दुसऱ्या देशात मुद्दाम सोडण्याच्या सुरुवातीच्या उदाहरणांत कीटकशास्त्राची पुस्तकं या घटनेचा उल्लेख करतात. साळुंकीनं टोळ खाल्ले, हे नक्की. पण टोळ संपल्यावरही तिला पोट होतंच, आणि विणीच्या काळात झाडांतल्या ढोल्या हव्या होत्या. त्या ढोल्यांवर तिथल्या पोपटाचा हक्क होता. आज जगातल्या सर्वांत घातक शंभर आगंतुक जिवांची जी यादी आंतरराष्ट्रीय निसर्ग संवर्धन संघटनेनं केली, तिच्यात पक्षी फक्त तीन आहेत. त्यांतली एक साळुंकी, दुसरा आपला लालबुड्या बुलबुल. इथे अंगणात नाचणारी, मुलांच्या गाण्यांत असणारी ही पाखरं परक्या बेटावर गेली की तिथल्या पाखरांच्या मुळावर येतात. पक्षी वाईट नाही. त्याला तिथे नेणं वाईट.

मॉरिशसवर गेला तो लालबुड्या नव्हे, त्याचा तुरेवाला भाऊ शिपाई बुलबुल, जो त्र्यंबक-इगतपुरीकडच्या झाडीत भरपूर दिसतो. गाणारा पक्षी म्हणून कुणीतरी पिंजऱ्यातून आणला, आणि १८९२ च्या सुमारास तो मोकळा झाला. पुढच्या काही दशकांत त्यानं सगळं बेट व्यापलं. हा बुलबुल फळं खातो आणि बी विष्ठेतून टाकत जातो. मूळच्या रानात हे काम उपकाराचं असतं. पण मॉरिशसमध्ये त्याला आवडणारी फळं बहुतेक परक्या झुडपांची होती. त्यानं त्या झुडपांचं बी डोंगरमाथ्यापर्यंत नेऊन पेरलं. दुसऱ्यांच्या घरट्यांतली अंडी-पिल्लं खायलाही तो मागेपुढे पाहत नाही. चष्मेवाल्याचं घरटं तर वाटीएवढंही नसतं.

परक्या झाडांत सगळ्यांत हट्टी निघाला तो चिनी पेरू. लाल, आंबटगोड, बोराहून थोडं मोठं फळ. मॉरिशसचे लोक मार्चनंतर कुटुंबंच्या कुटुंबं घेऊन ते तोडायला रानात जातात, मीठ-मिरची लावून खातात. तिथल्या मराठी घरांतही तो तिकडच्या उन्हाळ्याच्या शेवटाचा आनंद आहे. पण रानात हाच पेरू इतका दाट माजतो की त्याच्या खोडांतून माणसाला आडवं शिरावं लागतं, आणि खाली मूळच्या झाडाचं एकही रोप उगवत नाही. वरची जुनी झाडं आपल्या वयानं मरतात आणि त्यांच्या जागी कुणी येत नाही. आपल्याकडे अंजनेरी-ब्रह्मगिरीच्या उतारांवर घाणेरीनं जे केलं आहे, तेच. घाणेरीही दोनेकशे वर्षांपूर्वी शोभेचं झाड म्हणूनच हिंदुस्थानात आली होती.

मुंगसाची कथा आणखी चटका लावणारी आहे. १८९९ मध्ये मॉरिशसमध्ये प्लेग आला. त्या वर्षांत पुणे-नाशिककडेही प्लेगनं घरं ओस पाडली होती, तेव्हा त्या भीतीची कल्पना आपल्याला करता येते. उंदरांचा नायनाट व्हावा म्हणून १९०० साली हिंदुस्थानी मुंगूस बेटावर सोडण्यात आलं. मुंगूस दिवसा फिरतं, काळा उंदीर रात्री आणि तोही झाडावर. दोघांची गाठ फारशी पडलीच नाही. मुंगसानं जमिनीवरची पाखरं आणि त्यांची अंडी खाल्ली. उंदीर झाडावर होते तसेच राहिले.

आणि माकडं. जावा बेटाकडची लांब शेपटीची माकडं सतराव्या शतकाच्या सुरुवातीला जहाजांतून आली असावीत. आज ती हजारोंनी आहेत. ऑलिव्ह चष्मेवाल्याची मादी दोन-तीन अंडी घालते, नर-मादी आळीपाळीनं उबवतात, दोघंही पिल्लांना भरवतात. या सगळ्या खटाटोपावर रात्री उंदीर किंवा दिवसा माकड काही क्षणांत पाणी फिरवतं. अभ्यासकांनी घरट्यांवर पाळत ठेवली तेव्हा बहुतेक घरटी फसण्यामागे हेच दोघे निघाले. जोडी पुन्हा बांधते, पुन्हा अंडी घालते, पुन्हा तेच. म्हातारी पाखरं मरत जातात आणि तरणी त्यांची जागा घ्यायला येत नाहीत. वर्षानुवर्षं रानात पाखरू दिसत राहतं, म्हणून सगळं ठीक आहे असं वाटतं, आणि आतून जात संपत आलेली असते.

मॉरिशसनं हे उघड्या डोळ्यांनी पाहिलं आणि ते हात बांधून बसलं नाही. १९७४ मध्ये तिथल्या खरूच या शिकारी पक्ष्याचे रानात केवळ चार पक्षी माहीत होते. जगातला सर्वांत दुर्मीळ पक्षी म्हणून लोकांनी त्याच्या बाबतीत हात टेकले होते. १९७९ मध्ये कार्ल जोन्स हा वेल्सचा तरुण तिथे आला तो हे काम गुंडाळण्याच्या तयारीनं पाठवलेला. त्यानं ते गुंडाळलं नाही. अंडी उचलून उबवली, पिल्लं हातानं वाढवली, रानात पूरक खाद्य ठेवलं. खरूच सावरला; त्यामागून गुलाबी कबुतर आणि मॉरिशसचा पोपटही. १९८४ मध्ये तिथे मॉरिशियन वाइल्डलाइफ फाउंडेशन ही संस्था उभी राहिली आणि १९९४ मध्ये ब्लॅक रिव्हर गॉर्जेस राष्ट्रीय उद्यान जाहीर झालं. गाणाऱ्या लहान पाखरांची पाळी उशिरा आली. मोठ्या, देखण्या पक्ष्यांकडे आधी लक्ष जातं, ही जगभरची रीत.

लहान पाखरांसाठी जागा शोधली गेली ती बेटाच्या बाजूच्या बेटावर. आग्नेय किनाऱ्यापासून एक किलोमीटरहून कमी अंतरावर इल-ओ-एग्रेट नावाचं सव्वीस हेक्टरचं प्रवाळी बेट आहे. तिथले उंदीर पूर्ण काढून टाकले, परकी झुडपं उपटली, मूळची हजारो झाडं लावली. माकड तिथे नाहीच. आधी २००३ पासून मॉरिशसचा फोडी सोडला गेला. हा सुगरणीच्या कुळातला, विणीच्या दिवसांत नराचं डोकं लालभडक होतं. तो तिथे इतका रुळला की २००९ मध्ये त्याला ‘अतिसंकटग्रस्त’ यादीतून एक पायरी खाली आणता आलं. २००६ पासून ऑलिव्ह चष्मेवाला सोडायला सुरुवात झाली.

त्यामागची मेहनत जवळून पाहण्याजोगी आहे. रानात घरटं सापडलं की त्यावर पाळत ठेवायची. तिथे राहिलं तर बहुधा उंदीर खाणारच, हे ठाऊक असल्यामुळे काही अंडी किंवा पिल्लं उचलून ब्लॅक रिव्हरच्या संवर्धन केंद्रात आणायची. रानातली जोडी पुन्हा अंडी घालते. अंगठ्याच्या पेराएवढं, डोळे मिटलेलं, बिनपिसांचं पिल्लू दिवसभर थोड्याथोड्या वेळानं चिमट्याच्या टोकावरून भरवावं लागतं. खाणं जरा मोठं दिलं तर ते घशात अडकतं, वेळ चुकली तर पिल्लू गारठतं. पिसं फुटल्यावर मोठ्या पिंजऱ्यात, मग होडीनं बेटावर, आणि तिथे काही दिवस सवय होईपर्यंत जाळीत. सोडल्यावरही गोड पाणी, फळं आणि किडे-अंड्यांचं मिश्रण रोज ठराविक जागी ठेवलं जातं. प्रत्येकाच्या पायात रंगीत कड्या असतात. त्या वाचून कोण आलं, कोण आलं नाही, कुणाची जोडी कुणाशी जमली हे वहीत लिहिलं जातं. हे काम करणाऱ्यांत मॉरिशसची स्थानिक मुलंमुली आहेत, भारतीय वंशाची आडनावं असलेलीही.

एक निरीक्षण विचार करायला लावणारं आहे. मुख्य बेटावर फोडीची घरटी जिथे तुलनेनं बरी टिकली, ती जागा मूळचं रान नव्हतीच. ‘पिजन वूड’ नावाचा तो जपानी सुरूसारख्या परक्या झाडांचा जुना लागवडीचा तुकडा आहे. त्या दाट, खाण्याला काही न देणाऱ्या झाडांवर उंदीर-माकडं कमी चढतात, एवढंच कारण. परकं म्हणजे सगळं तोडा, मूळचं म्हणजे सगळं चांगलं, असा सरसकट हिशेब रानात चालत नाही. आधी पाखरू काय करतं ते पाहायचं, मग कुऱ्हाड उचलायची.

२५ जुलै २०२० रोजी वाकाशियो हे मालवाहू जहाज प्वांत देस्नीजवळच्या प्रवाळावर रुतलं आणि ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात त्यातून सुमारे हजार टन तेल सांडलं. इल-ओ-एग्रेट अगदी समोर. संस्थेच्या लोकांनी घाईघाईनं काही ऑलिव्ह चष्मेवाले आणि फोडी पकडून ब्लॅक रिव्हरला सुरक्षित नेले. सारी अंडी एका टोपलीत राहू नयेत, हा विचार. आणि किनाऱ्यावर महेबूर गावात हजारो माणसं कामाला लागली. उसाचं पाचट कापडी पिशव्यांत कोंबून, त्या एकमेकींना शिवून लांबच लांब तरंगते बंधारे तयार केले गेले, तेल अडवायला. केशकर्तनालयांतून केस गोळा झाले. धर्म, भाषा, जात न विचारता लोक रात्रंदिवस पाचट भरत होते. ज्या उसासाठी रान गेलं, त्याच्याच पाचटानं त्या आठवड्यात उरलेलं रान वाचवायला हात दिला. मॉरिशसच्या माणसांबद्दल आदर वाटावा असा तो प्रसंग होता.

या कामावर एक आक्षेप आपल्या समाजात हमखास घेतला जातो, आणि तो मनापासूनचा असतो. उंदीर मारायचे, मुंगूस पकडायचं, माकडं हटवायची. एका जिवासाठी दुसरा जीव मारणं कितपत योग्य? उंदीर तर गणपतीचं वाहन. या प्रश्नाला थट्टेनं उत्तर देऊ नये. पण विचार असा करावा लागतो: उंदीर, मुंगूस, माकड जगात इतरत्रही आहेत आणि मॉरिशसवर त्यांना माणसानं आणलं. ऑलिव्ह चष्मेवाला तिथेच आहे, आणि तो गेला की त्याचा मध टिपण्याचा, रान जाणण्याचा लाखो वर्षांचा वारसा कायमचा गेला. १५०० सालापासून जगातून जे पक्षी नामशेष झाले, त्यांत नव्वद टक्क्यांच्या आसपास बेटांवरचे आहेत. माणसानं आणलेल्या जिवांमुळे पाखरू संपत असेल, तर ते निस्तरण्याचं कडू काम माणसानंच केलं पाहिजे. काही न करणं हेही एका जिवाला मारणंच आहे. ते करताना कमीत कमी यातना व्हाव्यात, हा आग्रह धरणं मात्र योग्य आहे.

आपल्यालाही बेटं आहेत. अंदमानच्या रानात तिथलीच म्हणून ओळखली जाणारी श्यामा गाते, आणि मुख्य भूमीवरून नेलेली साळुंकी तिथेही पसरली आहे. सह्याद्रीचे उंच माथेही एका अर्थानं बेटंच. अंजनेरीच्या माथ्यावर अंजनेरीपुरतीच म्हणून नोंदलेली कंदीलपुष्पाची जात वाढते. नाशिकमध्ये पक्षी विकण्याच्या दुकानांत परदेशी पोपट, फिंच आता सर्रास मिळतात. हौसेनं घेतलेला पक्षी नकोसा झाला की ‘मोकळं आकाश दिलं’ म्हणून सोडून देणं पुण्याचं वाटतं. तो एकतर दोन दिवसांत मरतो, नाहीतर १८९२ च्या मॉरिशसमधल्या बुलबुलासारखा पसरतो. नको झालेला पक्षी सोडू नये, जाणत्याकडे द्यावा. इथला रानपक्षी पिंजऱ्यात ठेवणं तर १९७२ च्या वन्यजीव कायद्यानं गुन्हा आहे.

दरवर्षी नाशिकहून कितीतरी नवी जोडपी आणि यात्रेकरू मॉरिशसला जातात. समुद्रकिनाऱ्याबरोबर ते गंगा तलावावरही जातात. डोंगरावरच्या या सरोवरात १९७२ मध्ये गंगेचं पाणी मिसळण्यात आलं आणि महाशिवरात्रीला मॉरिशसभरातून भाविक तिथे पायी येतात. त्र्यंबकेश्वरच्या शेजारी राहणाऱ्याला ती जागा आपली वाटावी हे साहजिकच. त्या तलावाच्या काठी माकडं बसलेली असतात, प्रसादाची केळी-नारळ उचलतात आणि भाविक श्रद्धेनं त्यांना भरवतात. हनुमानाचं जन्मस्थान मानल्या जाणाऱ्या अंजनेरीला आपण हेच करतो. तलावापासून थोड्या अंतरावर पेत्रँचं रान आहे, राष्ट्रीय उद्यानाची पूर्वेकडची कड. भरवलेली माकडं वाढतात आणि त्या रानातली घरटी रिकामी करतात.

म्हणून जाणाऱ्यांना विनंती आहे. गंगा तलावावर फुलं वाहा, नमस्कार करा. फळं काठावर ठेवू नका आणि माकडांना काहीही खायला घालू नका. सोबतच्यांनाही सांगा. तिथल्या मराठी मंडळींशी ओळख झाली तर त्यांच्याजवळ या पाखराचा विषय काढा. आणि अर्धा दिवस मोकळा ठेवून इल-ओ-एग्रेट पाहून या. होडी महेबूरजवळच्या प्वांत जेरोमहून सुटते, वाटाड्या संस्थेचाच असतो, आणि तिकिटाचे पैसे या पाखरांच्या कामाला जातात.